गाठी नसताना सूत्रकृमीनाशक सोडायचं कशाला?

बांधावरचा
आमच्या डाळिंबवाल्यांच्या गटावर सध्या एकच सल्ला फिरतोय: ताण (बहरासाठी बंद ठेवलेलं पाणी) तोडून पाणी सुरू केलं, की मुळीला निमॅटोडच्या म्हणजे सूत्रकृमींच्या (मातीतले सूक्ष्म जंत) गाठी असोत-नसोत, ड्रिपमधून निमॅटोडचं औषध सोडून द्या. माझा याला विरोध आहे. मातीतले बरेचसे सूत्रकृमी मुळाला तोंडही लावत नाहीत. कुणी बॅक्टेरिया खातो, कुणी बुरशी, कुणी दुसरे सूत्रकृमी. बॅक्टेरियात कार्बनच्या मानाने नत्र भरपूर. खाणाऱ्याला तेवढं लागत नाही, मग जादाचं नत्र तो अमोनियाच्या रूपात बाहेर टाकतो आणि ते पिकाला मिळतं. कंपोस्ट 'लागू पडतं' त्यात यांचा वाटा आहे. वर गंमत अशी, की हुमणीसाठी (मुळं खाणारी अळी) उसात पैसे मोजून सोडतात ते हेटरोरॅब्डायटिस हेही सूत्रकृमीच!

सांगोलेकर
वाचायला बरं वाटतं हो. ज्याची बाग बसते त्याला विचारा. गाठीवाल्या सूत्रकृमीची एक मादी 200 ते 500 अंडी घालते, उबदार जमिनीत साधारण महिन्याभरात पुढची पिढी तयार. मुळीला जखम झाली की मर रोगाची बुरशी आत शिरते, आणि एकदा झाड पिवळं पडायला लागलं की कुठलं नत्र नि कुठलं काय. तुमचे ते सज्जन सूत्रकृमी तेव्हा कर्जाचा हप्ता भरायला येणार आहेत का?

बांधावरचा
दादा, गाठी असलेल्या बागेत सोडू नका असं मी कुठं म्हटलंय? शीर्षक वाचा की.

कसदार
धागाकर्त्याच्या मुद्द्याशी अर्धाच सहमत, कारण कंपोस्टची भक्तीही फार बोकाळली आहे. चांगला ढीग आतून 55 अंशांच्या वर तापतो, तेव्हा बहुतेक सूत्रकृमी मरतात. थंड होताना आधी परततात ते बॅक्टेरिया खाणारे. त्यांच्या काही जातींच्या अळ्या सुप्तावस्थेत तग धरतात. इतरांना खाणारे शिकारी अगदी शेवटी येतात, सावकाश वाढतात आणि ढीग वरचेवर उलथला तर टिकत नाहीत. शिवाय शिकारी काही गाठीवाला कोणता हे विचारून खात नाही, तुमचे बॅक्टेरिया खाणारेही फस्त करतो. त्यामुळे 'कंपोस्ट टाका, निमॅटोड विसरा' हे कोणी सांगत असेल तर ऐकू नका.

आणि उलटा धोका कोणीच बोलत नाही. टोमॅटो-वांग्याची गाठाळलेली मुळं ढिगाच्या कडेला पडली, तर तिथवर उष्णता पोचत नाही. मग तेच खत ट्रॉली भरभरून स्वच्छ रानात जातं.

काकडीवाली
अगदी! आणि खताआधी रोपं बघा. गुटी कलमाच्या (फांदीलाच मुळं फोडून केलेलं रोप) पिशवीतल्या मातीतूनच हे घरात येतं. नर्सरीवाल्याला राग आला तरी चालेल, दोन पिशव्या फाडून मुळं बघितल्याशिवाय गाडी भरायची नाही. आम्ही शेडमध्ये मे महिन्यात बेड ओले करून माती उन्हात तापावी म्हणून पारदर्शक प्लॅस्टिकने महिनाभर झाकतो, नंतर झेंडू लावतो. सूत्रकृमी पूर्ण जात नाहीत, पण काकडी निघते. (झेंडू बांधावर शोभेला चार झाडं नव्हे, बेडमध्येच दाट हवा.)

बांधावरचा
मृदा आरोग्य पत्रिकेत 12 घटक असतात, त्यात जिवंत एकही नाही. म्हणजे मातीत काय आहे ते न बघताच औषध. बघायचं तर सोपं आहे: जाळीवर टिशू पेपर, त्यावर मूठभर माती, खाली माती जेमतेम भिजेल इतकं पाणी. एक-दोन दिवसांत सूत्रकृमी पाण्यात उतरतात. शाळेतल्या सूक्ष्मदर्शकातही दिसतात. तोंडात सुई असली की परजीवी.

कसदार
नाही. बुरशी खाणाऱ्यांनाही सुई असते. आणि गाठीवाली मादी मुळाच्या आत फुगून बसलेली असते, ती तुमच्या पाण्यात उतरणारच नाही. शेतकऱ्याला जमेल असा उपाय साधा आहे: झाडाच्या घेरातली चार-पाच ठिकाणची माती, पांढऱ्या मुळीजवळची, कुंडीत भरा, त्यात टोमॅटोचं रोप लावा. पाच-सहा आठवड्यांनी उपटून मुळं धुवा. गाठी असल्या तर डोळ्यांनीच दिसतील.

सांगोलेकर
पाच-सहा आठवडे! पाणी सुरू केल्यावर तेवढा वेळ कोणाकडे असतो?

काकडीवाली
म्हणून ताणावर असतानाच कुंडी भरायची ना भाऊ.

सांगोलेकर
हे जमेल. पण माझ्या कुंडीत गाठ निघाली तर मी औषध सोडणार, आणि मग इथं कोणी प्रवचन द्यायचं नाही.

बांधावरचा
सोडा की. फक्त गाठीचा फोटो आधी टाका. आणि नाही निघाली तर तोही टाका.