पंपाची जागा मालकाची, पंप कंपनीचा. मग डीलर कोण?

बांधावरचा
हायवेलगतची आमची वीस गुंठे जमीन आजोबांनी एका विदेशी तेल कंपनीला भाडेपट्ट्याने दिली होती. पुढे राष्ट्रीयीकरणाचे कायदे आले (एस्सो 1974, बर्मा शेल 1976, कॅलटेक्स 1977) आणि कंपनी सरकारी झाली. त्यात तरतूद अशी की पट्ट्याची मुदत संपली तरी सरकारला हवं असेल तर त्याच अटींवर नूतनीकरण. त्याच अटी म्हणजे तेच भाडं! ती वाढीव मुदतही कधीच उलटली. जागा मागितली की कंपनी म्हणते 'वर कळवलंय', आणि डीलर म्हणतो 'आम्ही कुठे जायचं?' माझं म्हणणं, मुदत संपली, जागा सोडा. डीलरचं जे काही आहे ते कंपनीने बघावं.

डिपरॉड
कंपनी काय बघणार, दादा? अमृतसर गॅस सर्व्हिसचा 1990 चा सुप्रीम कोर्टाचा निकाल वाचा. 30 दिवसांची नोटीस देऊन करार संपवायचं कलम होतं, म्हणून भरपाई त्या 30 दिवसांच्या कमाईपुरती. एजन्सी परत मिळाली नाही.
वडिलांनी 28 वर्षं पंप चालवला. रोज पहाटे डिप रॉडला (टाकी मोजायच्या पट्टीला) पाणी दाखवणारी पेस्ट लावून टाकीत पाणी उतरलंय का बघायचं, मग काचेच्या जारमध्ये हायड्रोमीटर सोडून आलेली डेन्सिटी (घनता) 15 अंश सेल्सिअसच्या हिशोबात बदलून रजिस्टरात लिहायची. टँकरच्या चलनावरच्या आकड्यापेक्षा 3 पॉइंटच्या वर फरक दिसला की पोटात गोळा. आणि कागदावर आम्ही कोण? लायसन्सी, म्हणजे नुसते परवानाधारक. जागेवर हक्क शून्य, पंपावर शून्य. गिऱ्हाईक जोडलं आम्ही, ते मात्र कंपनीचं.

चकटफू
गुंठ्याचा आजचा भाव कळला की सगळ्यांना आजोबा आठवतात.

बांधावरचा
आठवणारच. भाड्याचा चेक अजून त्यांच्याच नावाने येतो. ते जाऊन अठरा वर्षं झाली, चेक वटतच नाही.

काळा कोट
दोन वेगळ्या गोष्टींची खिचडी होतेय. डीलरची चूक दाखवून डीलरशिप काढली, तर कोर्ट ऐकतं. हरबंसलाल सहानिया प्रकरणात इंधनाचं सॅम्पल फेल म्हणून एजन्सी गेली होती. करारात लवादाचं कलम असूनही सुप्रीम कोर्टाने रिट अर्जातच एजन्सी काढण्याचा आदेश रद्दबातल ठरवला, कारण प्रश्न पोटापाण्याचा होता. सुपर हायवे सर्व्हिसेसमध्ये (2010) सॅम्पलच्या तपासणीची नोटीस डीलरला मिळालीच नव्हती, तेवढ्यावर कंपनी हरली. म्हणून आपल्या वाट्याचं सीलबंद सॅम्पल जिवापाड जपा, गोदामात लोळू देऊ नका.
पण जागाच गेली तर डीलरची चूक नसते, आणि गंमत अशी की म्हणूनच त्याच्या हातात काही उरत नाही. अल्बर्ट मॉरिस प्रकरणात कोर्टाने स्पष्ट सांगितलं, पट्टा संपल्यावर नुसता ताबा म्हणजे पेट्रोलियम नियमांतला 'जागेवरचा हक्क' नव्हे. हक्क नाही तर लायसन्सचं नूतनीकरण नाही.
बांधावरचे, तुम्ही कंपनीला उगाच घाबरताय. महाराष्ट्राच्या 1999 च्या भाडे नियंत्रण कायद्याचं कलम 3 काढा, सरकारी कंपन्यांना त्याचं संरक्षणच नाही. रीतसर नोटीस द्या, दिवाणी दावा लावा, मुदतीनंतरच्या वापराची भरपाई बाजारभावाने मागा. 'वर' लगेच हलतं.

डिपरॉड
म्हणजे वकीलसाहेब, आम्ही नियम पाळले हीच चूक! भेसळ केली असती तर निदान भांडायला कोर्ट मिळालं असतं.

काळा कोट
चिडू नका. मालकाचा दावा लागायच्या आत रीसाइटमेंटचा (पंप दुसऱ्या जागी हलवण्याचा) लेखी अर्ज कंपनीकडे टाका, पोच घ्या. फोनवर साहेब 'करू' म्हणाले, त्याला किंमत नाही.

डिपरॉड
टाकला. दाखवलेली जागा बायपासच्या आत आहे, जिथून आता ट्रकच जात नाहीत.

बांधावरचा
एक विचारू? तुम्ही गेलात तर जमिनीतल्या टाक्या कोण काढणार, कंपनी की मी?