लायब्ररीतले गेम हाईड करणं म्हणजे आवरणं, की नुसतं माळ्यावर टाकणं?

निवांत_नाशिककर
मंडळी, गेले तीन रविवार मी एकच काम केलंय, स्टीमवरची, म्हणजे कॉम्प्युटर गेम विकणाऱ्या ऑनलाईन दुकानातली माझी लायब्ररी आवरलीये. एकूण २८७ गेम निघाले. त्यातले निदान एकदा तरी उघडलेले ६३, आणि शेवटपर्यंत खेळलेले बोटांवर मोजता येतील इतके. बाकी सगळी सेलच्या नशेतली खरेदी. उन्हाळ्याचा सेल, हिवाळ्याचा सेल, नव्वद टक्के सूट दिसली की बोट आपोआप जातं, आणि बंडल घेतलं की एका चांगल्या गेमच्या मागे आठ फालतू गेम वरातीत घुसल्यासारखे घुसतात. तर मी काय केलं, राईट क्लिक, मॅनेज, हाईड. एकेक करत २१९ गेम हाईड केले. आता समोर ६८ दिसतात आणि खरं सांगतो, डोकं हलकं झालं. आधी रात्री जेवून बसलो की अर्धा तास नुसतं वर-खाली करायचो, मग कंटाळून यूट्यूब लावून झोपायचो. या पंधरा दिवसात दोन गेम पूर्ण केले!

निमित्त पण सांगून टाकतो. दिवाळीत इंदिरानगरला मावशीकडे लॅपटॉप टीव्हीला लावला, मावसभावाच्या पोराला रेसिंग दाखवायचं होतं. अख्खी लायब्ररी ४३ इंची टीव्हीवर आली आणि त्यात कुठल्यातरी बंडलमधून आलेला एक जपानी कार्टूनवाला गेम, कव्हरवरच्या बाईच्या अंगावर कापड अगदी बेताचं. मावशी चकलीचं ताट घेऊन मागेच उभी. "हे काय रे?" मी म्हटलं कॅलेंडर आहे. कॅलेंडर! त्या क्षणी दुसरं काही सुचलंच नाही.

तर माझं मत असं की हाईड पुरेसं आहे. कायमचं काढून टाकायची वगैरे काही गरज नाही. ज्यांना पटत नाही त्यांनी खुशाल बोला.

अंबड_सेकंड_शिफ्ट
नाही पटत. तू आवरलं नाहीस भावा, तू माळ्यावर टाकलंस. आमच्याकडे माळ्यावर काय काय आहे सांगू? फुटका कूलर, आत्याच्या लग्नातली समई, तीन सुटकेसी ज्यांच्या चाव्या हरवल्यात, आणि एक पाळणा ज्यात झोपलेलं शेवटचं पोरगं आता इंजिनिअरिंगला आहे. दर दिवाळीला आई म्हणते माळा काढायचा, दर दिवाळीला आम्ही वर चढून त्याच वस्तू पुसून परत तिथेच ठेवतो. तुझे २१९ गेम तसेच आहेत. दिसत नाहीत म्हणून नाहीत असं नसतं.

आणि एक विचारू, हाईड करण्याआधी अनइन्स्टॉल केलेस का? कारण हाईड केलं म्हणजे डिस्कवरची जागा मोकळी होत नाही, गेम आहे तिथेच पडून राहतो.

निवांत_नाशिककर
@अंबड_सेकंड_शिफ्ट
...आत्ता बघितलं. व्ह्यू मेनूत जाऊन हिडन गेम्स उघडले. तीन गेम इन्स्टॉल्ड होते, मिळून १४० जीबी. आणि मी गेल्या आठवड्यात नवीन एसएसडीच्या (साठवणीच्या डिस्कच्या) किमती बघत होतो. हसू नका.

सिडकोचा_शेरलॉक
हसतोय 😂 कॅलेंडर!!

काका_कॉलेजरोड
तुम्हा पोरांचं सगळं बरं चाललंय, पण मूळ दुखणं कोणी बोलत नाही म्हणून मी बोलतो. आमच्या वेळी, म्हणजे प्लेस्टेशन टूचा जमाना, कॉलेज रोडला एक छोटंसं दुकान होतं, तिथे गेम संपला की डिस्क नेऊन द्यायची, वर थोडे पैसे टाकायचे, दुसरी घेऊन यायची. घरात कधी सात-आठच्या वर डिस्का झाल्याच नाहीत. आवरायचा प्रश्नच नव्हता कारण वस्तू फिरत होती. जुने कपडे साठले की बोहारीण यायची ना दारावर, दोन पँटी आणि एक साडी दिली की एक स्टीलचं पातेलं, वर तासभर घासाघीस. आता या डिजिटल गेमांना बोहारीण कुठून आणणार? विकता येत नाही, कोणाला देता येत नाही, अकाउंट दुसऱ्याच्या नावावर करता येत नाही. तुम्ही वस्तू घेतलीच नाहीये मुळात, वापरायचा परवाना घेतलाय. २०२४ ला कॅलिफोर्नियाने कायदा केला की दुकानदाराने हे स्पष्ट सांगायला हवं, तेव्हापासून स्टीम पैसे भरायच्या आधी तसं लिहून दाखवतं. वाचतो कोण.

तेव्हा जे आपलं नाहीच ते माळ्यावर ठेवलं काय आणि अंगणात ठेवलं काय!

अंबड_सेकंड_शिफ्ट
@काका_कॉलेजरोड
काका एकदम बरोबर, पण मग माझाच मुद्दा पुढे जातो ना. आपलं नाही तर कशाला साठवायचं? सपोर्टमधे जाऊन गेम निवडला की अकाउंटमधून कायमचा काढून टाकायचा पर्याय मिळतो. पैसे परत येत नाहीत, पण मोकळं वाटतं. मी चाळीस काढले. एकच लक्षात ठेवा, पॅकेजमधला एक काढायला गेलं की त्याच पॅकेजमधून आलेले बाकीचे पण जातात. काढायच्या आधी यादी दाखवतात ती नीट वाचा. मी वाचली म्हणून वाचलो, नाहीतर एका भंगार गेमच्या नादात माझा सगळ्यात आवडता शूटर गेला असता.

जुनं_ते_सोनं
अजिबात काढू नका हो. गाड्यांनी फुटबॉल खेळायचा तो रॉकेट लीग आठवतोय? सप्टेंबर २०२० ला फुकट झाला आणि त्याच वेळी स्टीमच्या दुकानातून उतरला. पण ज्यांच्या लायब्ररीत आधीपासून होता ते आजही स्टीमवरून खेळतात. समजा एखाद्याने त्याच्या आधी "मोकळं वाटतं" म्हणून काढून टाकला असता तर? लायसन्सचे करार संपतात, गाण्यांचे हक्क संपतात, गाड्यांच्या कंपनीशी करार संपतो आणि गेम दुकानातून गायब होतो. लायब्ररीत असलेला बहुतेक वेळा राहतो. म्हणून हाईड करा, काढू नका. आजीची पैठणी रोज कोण नेसतं, पण देऊन टाकतं का कोणी?

काका_कॉलेजरोड
@जुनं_ते_सोनं
"बहुतेक वेळा" हा शब्द बरा घातलास. द क्रू नावाच्या रेसिंग गेमचे सर्व्हर मार्च २०२४ अखेर बंद केले आणि नंतर लोकांच्या अकाउंटमधून परवानाच काढून घेतला. पैसे देऊन घेतलेला गेम. तुमची पैठणी दुकानदार घरी येऊन घेऊन गेला.

द्राक्षबागेतली_वहिनी
इथे सगळे पसाऱ्याबद्दलच बोलताय, मी वेगळ्या कारणासाठी लपवते. माझ्या फ्रेंडलिस्टमधे ऑफिसचे चार जण आहेत, एक दीर आहे, आणि नवऱ्याचे दोन मित्र. रात्री बाळ झोपलं की मी साडेअकरा ते एक स्टारड्यू व्हॅली हा शेतीचा गेम खेळते, तेवढाच माझा वेळ. तर दुसऱ्या दिवशी ऑफिसात "काय मॅडम, काल एक वाजेपर्यंत शेती चालू होती!" नवऱ्याचा मित्र घरी आला की "वहिनी अजून गेम खेळतात?" अजून म्हणजे काय? तो स्वतः छत्तीसचा आहे आणि क्रिकेट गेमवर सातशे तास आहेत त्याचे.

आधी मला वाटायचं हाईड केलं की झालं. नाही! हाईड फक्त आपल्या स्वतःच्या यादीतून गेम बाजूला करतं, मित्रांना आपण काय खेळतोय ते दिसतच राहतं. त्याच मॅनेज मेनूत मार्क अॅज प्रायव्हेट असं वेगळं आहे, ते केलं की तो गेम आपल्याकडे आहे हे, चालू आहे हे, किती तास झाले हे, काहीच मित्रांना कळत नाही. निवांत दादा, तुमचं ते कॅलेंडर प्रायव्हेट केलंय ना? 😄

बाकी सासऱ्यांना माहितीये. दिंडोरीजवळ आमची साडेतीन एकर बाग आहे, त्यामुळे सूनबाई कॉम्प्युटरवर शेती करते याची त्यांना भारी गंमत. एकदा शेजारी बसून बघितलं त्यांनी. मी द्राक्ष लावली, दहा दिवसात घड लागले, तोडले, आणि पुढे दर तीन दिवसांनी परत घड. म्हणाले, "डावणी रोग येत नाही का याच्यावर?" मी म्हटलं नाही. "फवारणी?" नाही. "आणि भाव ठरलेला?" हो, दुकानदार रोज तोच भाव देतो. पाच मिनिटं काहीच बोलले नाहीत. आमच्याकडे फळासाठी करतात त्या गोडी छाटणीपासून माल हातात यायला चार महिने, आणि त्यात एक अवकाळी आला की सगळं मातीत. मग उठताना म्हणाले हा गेम कृषी अधिकाऱ्यांना दे.

ऑगस्ट २०२५ ला पैसे लावायच्या ऑनलाईन गेमांवर बंदीचा कायदा आला तेव्हा मात्र घाबरले होते, "तुझी शेती पण बंद होणार का?" त्यांना समजावलं की ती रमीवाल्यांची भानगड, आमच्या शेतीला धोका नाही.

सडेतोड_सातपूर
ताई राग मानू नका पण लपवायचंच कशाला? तुम्ही काय चोरी करताय का. सगळ्या बायका लपवत बसल्या तर त्या मित्राला कधी कळणार की "अजून" हा शब्द चुकीचा आहे. मी तर म्हणतो प्रोफाईलवर मोठ्या अक्षरात तास दाखवा.

द्राक्षबागेतली_वहिनी
@सडेतोड_सातपूर
तुमचं म्हणणं तत्त्वाला धरून आहे, पण त्या मित्राला शहाणं करायचं काम माझ्या दीड तासात मी का करू? घराला पडदे असतात ते चोरीसाठी नसतात. आणि तुम्ही नाव पण खरं लावलेलं नाही इथे, मग?

सडेतोड_सातपूर
🙏 बरं. हा मुद्दा दिला तुम्हाला. बाकी माझं मत तेच.

दोन_पोरांचा_बाप
घरात पोरं असतील तर हाईडवर बिलकुल विसंबू नका. माझा मोठा अकरा वर्षांचा आहे, व्ह्यू मेनूत जाऊन हिडन गेम्स त्याने मला दाखवले, मी त्याला नाही. सरळ स्टीम फॅमिलीज वापरा, घरच्यांची अकाउंट जोडून गेम शेअर करायची सोय, सहा जणांपर्यंत घेता येतात, पोराचं अकाउंट चाईल्ड म्हणून जोडायचं, मग कुठले गेम दिसायचे, रोज किती वेळ, सगळं बापाच्या हातात. आणि आपण जो गेम प्रायव्हेट करतो तो फॅमिलीत शेअरच होत नाही. पण एक आहे, मित्राला भाऊ म्हणून घुसवू नका. तो तुमच्या कॉपीवर चीटिंग करताना सापडला तर बंदी तुमच्यावर पण येऊ शकते, आणि कोणी सोडून गेला तर त्याची जागा वर्षभर अडकून राहते.

सिडकोचा_शेरलॉक
मला दोन्ही बाजू चुकीच्या वाटतात. लपवू पण नका, काढू पण नका. कलेक्शन करा, म्हणजे गेमांचे गट पाडा. त्यात डायनॅमिक नावाचा प्रकार आहे, एकदा चाळणी लावून दिली की नवे गेम आपोआप त्यात पडतात. मी एक "कधीच न उघडलेले" असं केलंय, नाव ठेवलंय लाज. सेल लागला की आधी लाज उघडायची, आकडा बघायचा, मग खरेदीला जायचं. गेल्या हिवाळ्यात फक्त एक गेम घेतला. तुम्ही हाईड करून टाकलं की आकडाच दिसत नाही, मग परत घेणार. निवांत भाऊ, खरं सांग, आवरल्यापासून नवीन किती घेतलेस?

निवांत_नाशिककर
@सिडकोचा_शेरलॉक
चार.

अंबड_सेकंड_शिफ्ट
माळा रिकामा दिसला की माणूस नवीन सामान आणतोच 😂

निवांत_नाशिककर
थांबा ना, दोन तर एपिकवर, म्हणजे स्टीमसारख्याच दुसऱ्या दुकानात, फुकट होते. ते दर आठवड्याला देतात.

सिडकोचा_शेरलॉक
फुकट हाच तर रोग आहे. मे २०२० ला लॉकडाऊनमधे जीटीए फाईव्ह फुकट दिला तेव्हा एवढी झुंबड उडाली की त्यांचं दुकानच कोसळलं होतं. मी पहाटे तीनपर्यंत रिफ्रेश मारत होतो. मिळाला. अजून एकदाही चालू केलेला नाही.

काका_कॉलेजरोड
आणि मला म्हणतात काका जुन्या काळात रमतात.

निवांत_नाशिककर
बरं ऐका. वाद घालायला पुरावा हवा म्हणून आत्ता परत हिडन यादी उघडून बसलो होतो, अंबडच्या भाऊला म्हणणार होतो की बघ यातलं एकही परत लागणार नाही. वरून खाली जाता जाता एक गेम दिसला, २०१६ ला पहिल्या पगारात घेतलेला, पूर्ण किमतीला, सेलमधे नाही. तेव्हा लॅपटॉपवर अडकत अडकत चालायचा म्हणून वीस मिनिटात बंद केला होता आणि "नंतर" म्हणून ठेवला तो ठेवलाच. आता मशीन चांगलं आहे. अनहाईड केला, डाऊनलोड लावलाय, ३८ जीबी.

त्यामुळे हाईड पुरेसं आहे हे मी मागे घेतो पण काढून टाकलं असतं तर हा सापडला नसता, ते पण खरं. कॅलेंडर मात्र काढून टाकलंय, सपोर्टमधे जाऊन, कायमचं, यादी नीट वाचून.

द्राक्षबागेतली_वहिनी
मावशीला कळवा.

निवांत_नाशिककर
६१ टक्क्यांवर लाईट गेली.