मदत हवी आहे : लिब्रॅटबॅगमध्ये (लिनक्सवर गेमिंग माउसची सेटिंग बदलणारी प्रणाली) माउसची डिव्हाइस फाइल (कोणत्या माउसला कोणता ड्रायव्हर हे सांगणारी फाइल) कशी जोडावी?

नमस्कार. कोल्हापुरात राजारामपुरीत माझे डीटीपीचे काम चालते. संगणकावर केवळ उबुंटू २४.०४ (लिनक्स) आहे, विंडोज नाही आणि ते घालण्याची सोयही नाही. नुकताच घेतलेला वायरचा गेमिंग माउस चालतो, परंतु त्याची बाजूची बटणे आणि डीपीआय (कर्सरची संवेदनशीलता) बदलण्यासाठी पायपर हे लिब्रॅटबॅगवर चालणारे ॲप उघडल्यास एकही उपकरण दिसत नाही.

लिब्रॅटबॅगची पार्श्वभूमीत चालणारी रॅटबॅगडी सेवा चालू आहे, ती पुन्हा सुरू करूनही पाहिली, तरीही 'रॅटबॅगसीटीएल लिस्ट' या आज्ञेला उपकरण सापडत नाही. यूएसबी उपकरणांची यादी देणाऱ्या 'एलएसयूएसबी' आज्ञेत मात्र माउस दिसतो. त्यातील उत्पादन क्रमांक लिब्रॅटबॅगच्या डिव्हाइस फाइल्समध्ये शोधला. तो कोठेही नाही, मात्र त्याच कंपनीच्या जुन्या मॉडेलची फाइल आहे. तिची प्रत करून माउस ओळखणाऱ्या 'डिव्हाइसमॅच' या ओळीत नवा क्रमांक घालण्याचा विचार आहे, परंतु सेटिंग माउसच्या स्वतःच्या मेमरीत लिहिली जात असल्याने चुकीच्या ड्रायव्हरने माउसच निकामी होईल, ही खरी भीती आहे आणि म्हणून अद्याप हात लावलेला नाही.

जुन्या मॉडेलचा ड्रायव्हर या माउसला लागू पडतो की नाही, हे त्यावर काहीही न लिहिता आधी कसे तपासावे?