एम-१ नक्की कोणी शोधला?

आकाशवेडा: काल वृषभ राशीतला एम-१ म्हणजे क्रॅब नेब्युला (वायू-धुळीचा ढग) पहिल्यांदाच टेलिस्कोपमधून बघितला, धुरकट ठिपकाच पण जाम भारी वाटलं. नंतर वाचलं की मेसिये या फ्रेंच खगोलशास्त्रज्ञाच्या आधीच कुणीतरी तो पाहिला होता, मग मेसियेच्या नावाचा एम का लावतात?

रोहिणी२७: हो, जॉन बेव्हिस नावाच्या इंग्रज डॉक्टरने, १७३१ मध्ये. मेसिये १७५८ च्या ऑगस्टमध्ये धूमकेतू शोधत होता आणि वृषभाच्या शिंगाच्या टोकाशी हा पुसट डाग दिसला, पण तो जागचा हलेचना, म्हणजे धूमकेतू नाही. पुन्हा फसायला नको म्हणून त्याने अशा डागांची यादीच करायला घेतली, त्यातला हा पहिला. नंतर बेव्हिसचं कळल्यावर त्याने त्याला श्रेयसुद्धा दिलं, हे मला फार आवडतं.

दुर्बीणवाला: खरं तर सगळ्यात आधी चिनी लोकांनी, १०५४ साली. नेब्युला नाही, ज्या ताऱ्याच्या स्फोटातून तो बनला त्या स्फोटाचा प्रकाश, तेवीस दिवस भरदिवसा दिसत होता! त्याचाच उरलेला गाभा आत सेकंदाला साधारण ३० गिरक्या घेतोय.

आकाशवेडा: बापरे! आणि एम-१०४ (सोम्ब्रेरो दीर्घिका) पण मेसियेचा शोध नाही ना?

रोहिणी२७: नाही, तो त्याच्या मित्राचा, मेशँचा, १७८१. कन्या राशीत आहे, पण शोधायचा हस्त नक्षत्रावरून, तिथून सोपं पडतं. मेसियेने स्वतःच्या प्रतीत फक्त हाताने लिहून ठेवला होता, अधिकृत नंबर मिळाला थेट १९२१ मध्ये. एप्रिलमध्ये नक्की बघ.