अ‍ॅलेक गिनेस: पुढे काय पाहू?

खिडकीपाशी: काल ‘अ पॅसेज टु इंडिया’ (१९८४) पाहिला. त्यात इंग्रज नट अ‍ॅलेक गिनेस प्रोफेसर गोडबोले झालाय. बघून हसावं की रडावं कळेना. मी माहेरची गोडबोले. असा गोडबोले आमच्या सात पिढ्यांत झाला नाही! हाच माणूस ‘स्टार वॉर्स’मधला ओबी-वान, हे तर आईला अजून पटलेलं नाही. याचं चांगलं काम कुठलं?

जुनी रिळं: गोडबोले विसरा. ‘काइंड हार्ट्स अँड कॉरोनेट्स’ (१९४९) बघा. एकाच खानदानातले आठ जण एकट्याने केलेत, त्यात एक बाईसुद्धा! मग ‘द ब्रिज ऑन द रिव्हर क्वाय’ (१९५७). त्यात तो कर्नल निकल्सन, जपान्यांचा युद्धकैदी. शत्रूसाठी पूल बांधता बांधता त्या पुलाच्याच प्रेमात पडतो. ऑस्कर त्यालाच मिळालं. कोंडवाड्यातून सुटल्यावरची त्याची ती लटपटती, तरी ताठ चाल मी चार वेळा मागे नेऊन पाहिली.

मध्यंतर: ‘क्वाय’ आणि ‘पॅसेज’चा दिग्दर्शक डेव्हिड लीन, त्याच्या सहा चित्रपटांत होता गिनेस. गोडबोले शेवटचा. त्यात गिनेसचा एक नाचही चित्रित झाला होता, संकलनात उडवला. तो बराच दुखावला म्हणे.

खिडकीपाशी: नाचसुद्धा होता? वाचलो आम्ही गोडबोले. आज रात्री ‘क्वाय’ लावते.