कॉब्लरचं पीठ खालून कच्चं राहतं त्याबद्दल

कॉब्लर म्हणजे फळांवर पिठाचे गोळे टाकून ओव्हनमध्ये भाजलेला गोड पदार्थ. वरून छान तांबूस झालं तरी त्याचं पीठ खालून चिकट राहतं, असं तुम्ही लिहिलंय. अमेरिकेतल्या जॉर्जियात आल्यावर पहिल्या उन्हाळ्यात माझंही अगदी हेच व्हायचं. शेजारच्या आजींनी तोडगा दाखवला: फळ आधी एकटंच तापवायचं. पीचच्या फोडी, साखर, लिंबाचा रस आणि दोन चमचे कॉर्नफ्लोअर कालवून ओव्हनमध्ये १९० अंश सेल्सिअसवर १०-१५ मिनिटं ठेवायचं. कडेने रस खदखदू लागला की त्या गरम फळावरच पिठाचे गोळे टाकायचे, म्हणजे ते वरून-खालून दोन्हीकडून शिजतात. गोळ्यांमध्ये थोडी जागा सोडा, वाफेला वाट हवी. पुढे अर्धा तास तरी लागतो. नुसत्या रंगावर जाऊ नका. मधला गोळा चमच्याने उचलून पाहा, खालची बाजू पावासारखी जाळीदार दिसली पाहिजे.

पीच मात्र पिकलेलेच घ्या, देठापाशी वास दरवळला पाहिजे. उकळत्या पाण्यात अर्धा मिनिट आणि लगेच बर्फाच्या पाण्यात टाकले की साल हातानेच निघते. आणि तयार कॉब्लर ओव्हनमधून बाहेर काढल्यावर अर्धा तास हात लावू नका, रस तेवढ्यातच दाटतो.