मदत हवी आहे: कोयनेच्या पाण्याखाली गेलेल्या जमिनीचे जुने कागद कुठे मिळतील?

नमस्कार मंडळी,

माझे वडील, आम्ही त्यांना अण्णा म्हणतो, आता ७२ वर्षांचे आहेत. कोयना धरणात आमचं गाव गेलं तेव्हा ते सात-आठ वर्षांचे होते. आजोबांच्या नावावर ओढ्याकाठी भातखाचरं होती आणि वर उताराला नाचणी-वरीची वरकस जमीन. जमिनीचे काही पैसे मिळाले, पर्यायी जमीन मिळाली नाही. घराची दारं, चौकटी, वासे काढून घेतले आणि भावकी तीन दिशांना पांगली. एक चुलत आजोबा सोलापूरकडे गेले, आमचे आजोबा रायगडात आले. धाकटे गाव सोडायला तयारच नव्हते, ते पाणी चढेल तसे डोंगरावर सरकले. त्यांच्या मुलांच्या नशिबी पुढे १९८५ साली अभयारण्य आलं आणि २०१० साली व्याघ्र प्रकल्प, म्हणजे पुन्हा उठायची टांगती तलवार. त्यांची गोष्ट वेगळी आणि मोठी आहे, इथे थांबते.

आम्ही पर्यायी जमिनीसाठी अर्ज केला आहे. संबंधित कार्यालय म्हणतं, बुडालेल्या जमिनीचा सातबारा आणा. तलाठ्याकडे गेलो तर ते म्हणाले, गावच बुडीत, त्याचं दप्तर इथे नाही. अण्णांना घेऊन आतापर्यंत तीन खेपा झाल्या. तिसऱ्या खेपेला ते पायरीवर बसून म्हणाले, "अगं, गाव तरी होतं का, असं विचारतायत हे." त्या दिवसापासून मला नीट झोप नाही.

आमच्याकडे कागद एकच आहे. ट्रंकेच्या तळाशी सापडलेली १९५५ची शेतसाऱ्याची पावती. चार घड्या पडल्यात, मधल्या घडीवर भोक पडून नेमका नंबर गेलाय. गावाचं नाव आणि आजोबांचं नाव वाचता येतं. आडनाव नाही, नुसतं 'अमुक बिन तमुक', म्हणजे तमुकचा मुलगा अमुक.

दुसरा पुरावा म्हणजे माझी आत्या. गाव उठलं तेव्हा ती सतरा वर्षांची होती. तिला सगळी खाचरं तोंडपाठ आहेत: वडाखालचं, टेपावरचं, म्हसोबाचं, आणि 'उशिरी' म्हणून एक, जिथे पाणी शेवटी पोचायचं. कुठल्याला किती मण भात व्हायचा तेही सांगते. पण कार्यालयाला सर्व्हे नंबर हवा आहे आणि 'उशिरी'ला नंबर काय होता ते तिला ठाऊक नाही. शाळेत कधी गेलीच नाही ती.

तर प्रश्न असे: पाण्याखालच्या गावाचा सातबारा, फेरफार आज कुठल्या दप्तरात असतो? भूसंपादनाचा निवाडा, म्हणजे कुणाची किती जमीन घेतली आणि किती भरपाई दिली तो आदेश, मिळतो का? आणि नंबर माहीत नसताना शोध सुरू कुठून करायचा? गावाचं नाव इथे देत नाही, गरज पडल्यास निरोपातून सांगेन.

प्रतिसाद

ताई, आमचं कुटुंबही कोयनेचंच, पाटण बाजूचं. या रस्त्याने आम्ही गेलोय म्हणून सविस्तर लिहितो.

आधी एक गोष्ट अण्णांना सांगा. तुमच्याकडे कागद नाहीत यात तुमच्या घरच्यांची काही चूक नाही. कोयनेची गावं उठली तेव्हा राज्यात पुनर्वसनाचा कायदाच नव्हता. पहिला कायदा १९७६चा, मग १९८६चा, मग १९९९चा. आपल्या माणसांना कुणी संकलन करून, म्हणजे धरणग्रस्त खातेदारांची यादी बनवून, घरटी नोंद करून हलवलं नाही. पुढे लाभक्षेत्रात, म्हणजे धरणाच्या पाण्यावर भिजणाऱ्या भागात, जमीन द्यायची पद्धत आली, पण कोयनेचं पाणी मुख्यतः विजेसाठी सह्याद्रीपलीकडे उतरतं. कृष्णा पाणीतंटा लवादाने ठरवलेलं पश्चिमेकडचं पाणीच ६७.५ टीएमसी आहे, ते पोफळीला वीज देऊन वाशिष्ठीवाटे समुद्राला मिळतं. त्यामुळे 'तुमच्या धरणाच्या लाभक्षेत्रात जमीन' हे वाक्य आपल्याला लागू करायचं म्हटलं की प्रत्येक कार्यालय दुसऱ्याकडे बोट दाखवतं. २०१८ साली डॉ. भारत पाटणकरांच्या नेतृत्वाखाली श्रमिक मुक्ती दलाने कोयनानगरला ठिय्या दिला, तेव्हाही खातेदारांच्या याद्या हाच कळीचा मुद्दा होता. म्हणून पहिली विचारणा ही करा: संकलन रजिस्टरमध्ये आजोबांचं नाव आहे का? असेल तर अर्धी लढाई संपली.

आता कागदांचं. भूसंपादन १९५०च्या दशकातलं आहे आणि तेव्हा जिल्ह्याचं नाव 'उत्तर सातारा' होतं. १९६० साली ते पुन्हा नुसतं 'सातारा' झालं. जुने गठ्ठे शोधताना हे सांगितलं नाही तर कारकून 'नाही' म्हणून मोकळा होतो. तालुके आणि पेटेही बदललेत, जावळीतली काही गावं आज महाबळेश्वर तालुक्यात आहेत.

माहिती अधिकारात अर्ज टाका, पण 'सर्व कागद द्या' असं लिहू नका. आपल्या राज्यात अर्ज एकाच विषयाचा आणि १५० शब्दांच्या आतला लागतो. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टँप लावायचा. निवाड्यासाठी एक अर्ज, जुन्या फेरफारांसाठी दुसरा. आणि प्रतींऐवजी अभिलेख पाहणी मागा. ३० दिवसांत उत्तर नाही आलं तर प्रथम अपील. गठ्ठा स्वतः उलगडल्याशिवाय काही हाती लागत नाही, हा आमचा अनुभव.

प्रतिसाद

मी उजनीकडचा. उन्हाळ्यात पाणी उतरलं की पळसदेवचं जुनं देऊळ वर येतं, लोक फोटो काढायला येतात. आमची म्हातारी माणसं मात्र आपापली जोती शोधत फिरतात.

'बिन'वाल्या नावाबद्दल: निवाड्यात आडनावाने शोधू नका, सापडणार नाही. आजोबांचं आणि पणजोबांचं नाव एकत्र शोधा. एकाच नावाचे दोन खातेदार निघाले तर पणजोबांवरून निवड करावी लागते, तेव्हा वंशावळीचं प्रतिज्ञापत्र आधीच करून ठेवा. चुलते शाळेत गेले असतील तर जुन्या शाळेचं जनरल रजिस्टर बघा. गाव उठलं तरी रजिस्टर कुठल्या तरी शाळेत ठेवलेलं असतं, त्यात जन्मस्थळ आणि पालकाचं नाव मिळतं.

प्रतिसाद

कृपा करून कुणालाही कुलमुखत्यारपत्र देऊ नका. 'सगळं करून देतो, निम्मी जमीन आमची' म्हणणारे लोक अशा अर्जांच्या मागावरच असतात. माझ्या मामांनी कोऱ्या स्टँपवर अंगठा दिला. जमीन मंजूर झाल्याचं त्यांना दोन वर्षांनी शेजाऱ्याकडून कळलं.

धागाकर्ती

सगळ्यांचे मनापासून आभार. उत्तर द्यायला पाच आठवडे लागले, कारण काही कळेपर्यंत लिहायचं नव्हतं.

संकलन रजिस्टरमध्ये नाव नाही. निवाड्याच्या अर्जाला अजून उत्तर आलेलं नाही, अपिलाची तयारी करते आहे. पण भूमी अभिलेखच्या दप्तरात गावाचा नकाशा निघाला! 'उत्तर सातारा' म्हटल्यावर तिथल्या एका बाईंनी मागच्या कपाटातून काढून दिला. नक्कल घेऊन मी थेट आत्याकडे गेले.

तिला वाचता येत नाही. चष्मा लावून बराच वेळ नुसती बघत राहिली, मग म्हणाली, "ओढा कुठाय?" मी बोट ठेवलं. तिने माझं बोट बाजूला केलं आणि आपलं बोट ओढ्यावरून खाली नेत नेत एका वळणाशी थांबवलं. "हे म्हसोबाचं. हे वडाखालचं. आणि ही उशिरी, बघ, ओढा इथं लांब जातो." उशिरीच्या चौकोनात नंबर छापलेला आहे. पावतीवर भोकाच्या कडेला जो अर्धा आकडा उरलाय, तो त्याच नंबरचा शेवटचा आकडा आहे. अण्णा मात्र, काही बोलायचं सोडून, पावती आणि नकाशा आलटून पालटून बघत होते. आता जुन्या फेरफारांत तो नंबर कुणाच्या नावावर आहे ते बघायचंय, पुढच्या मंगळवारी पाहणीची वेळ मिळाली आहे.

आणखी एक मदत हवी आहे. आत्याचं म्हणणं आहे की मेअखेर पाणी सगळ्यात खाली असतं, तेव्हा वडाचं खोड दिसत असेल. तिला आणि अण्णांना घेऊन जायचं आहे. जलाशयाकाठच्या बामणोलीहून लाँच मिळते हे माहीत आहे. पण पाणी उतरल्यावर लाँच कुठपर्यंत जाते आणि पुढे गाळातून किती चालावं लागतं? अण्णांचे गुडघे दुखतात, आत्या ८१ची आहे. गेल्या उन्हाळ्यात कुणी गेलं असेल तर कृपया लिहा.